थेट उन्हात ठेवू नका

२०११ च्या पावसाळ्यात आमच्याकडे एका बॅटरी चार्जरची जपानी माहितीपुस्तिका पानं लावायला आली होती. चोवीस पानं, एकच काळा रंग, आकार तळहाताएवढा. भाषांतर तपासून झालेलं होतं, चित्रं तयार होती. मजकूर चित्रांभोवती नीट बसवून छपाईची फाइल करून देणं एवढंच माझं काम होतं. तेव्हा मला जपानी वाचता येत नव्हतं. पण सात-आठ वर्षं त्या लिपीची पानं लावून हात बसला होता, आणि हात बसला की डोळा आळशी होतो. फाइल गेली. चौथ्या दिवशी जपानमधल्या तपासनिसांचा मेल आला. नवव्या पानावर ‘थेट उन्हात ठेवू नका’ अशी ठळक सूचना होती. तिच्यातलं पहिलंच चिन्ह जपानी नाही, असं त्यांनी कळवलं होतं.

मी भिंग घेऊन बसले. ‘थेट’, ‘सरळ’ या अर्थाचं ते चिन्ह. वर एक फुली, तिच्याखाली आडव्या रेघांची उभट पेटी. जपानी वळणात या पेटीच्या डाव्या अंगाने एक उभी रेघ खाली उतरते आणि कोपऱ्यात वळून पेटीखाली जमिनीसारखी पसरते. माझ्या पानावर ती उभी रेघ नव्हतीच. पेटीच्या दोन्ही भिंती सरळ खालच्या आडव्या रेघेवर टेकल्या होत्या. हे चीनमधलं छापील वळण. कॉम्प्युटरच्या लेखी दोन्ही एकच, कारण युनिकोडमध्ये दोघांचा क्रमांक एकच आहे. रूप ठरतं ते फॉन्टवरून. ठळक सूचनेसाठी लागणारा जाड जपानी फॉन्ट आमच्या मशीनवर नव्हता, आणि सॉफ्टवेअरने मुकाट्याने एक चिनी फॉन्ट उचलला होता.

तपासनीस रागावले नव्हते. अर्थ कुणालाही कळेल, असंच त्यांनी लिहिलं होतं. पण वाचणाऱ्याला वाटेल की हे लिहिणाऱ्यांना आपली भाषा येत नाही. मग बॅटरी उन्हात ठेवू नका, हे त्याने कुणाच्या भरवशावर ऐकायचं?

मराठी माणसाला हे फोडून सांगायला नको. मोबाइलवर मराठी बातमी उघडावी आणि समोर हिंदी वळणाचा ‘ल’ आणि ‘श’ यावा, हे आपण रोज सोसतो. आपला ल पाकळीचा, आपला श देठाचा. महाराष्ट्र शासनाने २००९ मध्ये निर्णय काढून ही वळणं ठरवून दिली, तरी पडद्यावर ती येतीलच असं नाही. तिथेही क्रमांक एक आणि रूप फॉन्टच्या हातात. वाचता येतं, पण शेजाऱ्याच्या घरात बसून वाचल्यासारखं वाटतं.

त्या मेलनंतर, २०११ मध्येच, मी जपानीच्या वर्गात नाव घातलं. पुण्यात अशा वर्गांची वाण नाही. आता ऑफिसात नवी मुलं येतात आणि पहिल्याच आठवड्यात विचारतात, “ताई, जपानीसाठी कुठला फॉन्ट घेऊ?” मी उलट विचारते, वाचणार कोण, आणि कुठे उभं राहून? हा प्रश्न मला जपानी टाइपाच्या इतिहासाने शिकवला. त्या इतिहासात प्रत्येक चांगला टाइप कुणाच्या तरी डोळ्यांसाठी घडला आहे, आणि ज्यांच्या डोळ्यांचा विचार झाला नव्हता त्यांची आठवण कुणाला तरी उशिरा का होईना झाली आहे.

या इतिहासाचं एक टोक आपल्या गोव्यात आहे. १५८२ मध्ये जपानमधून चार किशोरवयीन मुलं जेझुइट पाद्र्यांबरोबर रोमला निघाली. परतीच्या वाटेवर १५८७ मध्ये ती गोव्याला पोचली तेव्हा त्यांच्या सामानात युरोपातून घेतलेलं छपाईयंत्र होतं. त्या चौघांपैकी हारा मार्तिन्यो या मुलाने गोव्यात लॅटिनमध्ये भाषण केलं आणि ते १५८८ मध्ये गोव्यातच छापलं गेलं. यंत्र पुढे मकाववरून १५९० मध्ये नागासाकीला उतरलं. आमाकुसा बेटावर त्याच्यावर ‘हेइके’ची युद्धकथा आणि इसापनीती छापली, तीही जपानी भाषेत पण रोमन लिपीत. जपानी लिपीचे खिळेही त्या पाद्र्यांनी पुढे केले. १५९८ चा त्यांचा शब्दकोश जपानी अक्षरांत आहे. पण १६१४ मध्ये त्यांना देशाबाहेर काढलं आणि यंत्रही गेलं.

त्याच काळात गोव्यातल्या साष्टीच्या परिसरात फादर स्टीफन्स मराठी शिकून ‘क्रिस्तपुराण’ रचत होते. १६१६ मध्ये तेही रोमन लिपीतच छापावं लागलं. १६०८ च्या एका पत्रात त्यांनी कारण लिहून ठेवलंय: इथल्या लिपीला सहाशेच्या घरात साचे लागतील, युरोपात चोवीसात भागतं. जोडाक्षरं, काने, मात्रा, वेलांट्या मिळून सहाशे. हा आकडा वाचला तेव्हा मला माझ्या वडिलांची पाठ आठवली.

बाबा नारायण पेठेतल्या एका छापखान्यात जुळारी होते. चारी बाजूंनी खिळ्यांच्या केसी, मधे ते उभे, डाव्या हातात स्टिक. ‘क्ष’ साठी वर हात, ‘र्य’ साठी वाकून. संध्याकाळी घरी आले की आधी खांदे दाबून घ्यायचे, मग चहा. सहाशे खिळ्यांची ही गत, तर जपानी जुळाऱ्याचं काय झालं असेल? त्याला रोजच्या वर्तमानपत्रासाठी काही हजार चिन्हं लागत. म्हणून तिकडे हे काम दोघांत वाटलेलं होतं. एक जण हातात छोटी लाकडी पेटी आणि हस्तलिखित घेऊन कपाटांपुढून चालत चालत खिळे वेचायचा. दुसरा ते घेऊन पान रचायचा. मियाझावा केन्जींच्या ‘आकाशगंगेतली रात्रीची रेल्वे’ या गोष्टीतला जिओव्हान्नी नावाचा मुलगा शाळा सुटल्यावर हेच वेचणीचं काम करून पैसे मिळवतो. ती गोष्ट मी वर्गात वाचली. ताऱ्यांपर्यंत पोचायच्या कितीतरी आधी, त्या छापखान्याच्या पानांवरच मी अडकून पडले होते.

खिळे करायचे कसे, हा त्याच्याही आधीचा प्रश्न. नागासाकीत मोतोकी शोझो नावाचे डच भाषेचे दुभाषी होते, जन्म १८२४ चा. डचांकडून आलेलं छपाईयंत्र त्यांनी मिळवलं आणि स्वतः खिळे ओतण्याचे प्रयोग वर्षानुवर्षं केले. मनासारखे जमले नाहीत. युरोपी पद्धतीत प्रत्येक अक्षर आधी पोलादावर कोरायचं, ते तांब्यात ठोकून साचा करायचा आणि त्यात शिसं ओतायचं. सव्वीस अक्षरांना हे ठीक आहे. वीस रेघांचं एक चिन्ह खिळ्याच्या टोकाएवढ्या पोलादावर कोरायचं आणि तसं हजारो वेळा, हे माणसाच्या आवाक्यातलं नव्हतं.

वाट सापडली ती शांघायमध्ये. तिथे अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनच्या छापखान्यात विल्यम गॅम्बल नावाचे मुद्रक होते. त्यांनी पोलाद सोडून दिलं. चिन्ह बारीक पोताच्या लाकडावर कोरायचं आणि विजेच्या साहाय्याने त्यावर तांब्याचा थर चढवून साचा घ्यायचा, ही त्यांची युक्ती. लाकडावर रेघ हवी तेवढी नाजूक निघते. मला त्यांची दुसरी युक्ती जास्त आवडते. त्यांनी बायबल आणि आणखी सत्तावीस पुस्तकं घेऊन कुठलं चिन्ह किती वेळा येतं ते मोजवून घेतलं आणि १८६१ मध्ये याद्या छापल्या. सारखी लागणारी चिन्हं जुळाऱ्यासमोर मधोमध, क्वचित लागणारी कडेला, अशा केसी त्यांनी लावल्या. कुणाच्या तरी खांद्यांचा विचार त्या मोजणीत होता.

१८६९ च्या अखेरीला गॅम्बल मोतोकींच्या बोलावण्यावरून नागासाकीला आले आणि सुमारे चार महिने राहून त्यांनी ही विद्या शिकवली. (१८६९ हेच जावजी दादाजींनी मुंबईत निर्णयसागर छापखाना काढल्याचं साल. योगायोगच, पण दोन्ही बंदरांत एकाच वेळी शिसं वितळत होतं हे मला फार जवळचं वाटतं.) १८७१ मध्ये योकोहामात जपानचं पहिलं दैनिक निघालं ते नागासाकीच्या याच मंडळींच्या मदतीने. मोतोकींचे शिष्य हिरानो तोमिजी १८७२ मध्ये तोक्योला गेले आणि पुढच्या वर्षी त्सुकिजी भागात त्यांची टाइप फाउंड्री उभी राहिली. मोतोकी १८७५ मध्ये वारले.

आज जपानी पुस्तक उघडलं की जो टाइप दिसतो त्याला मिंचो म्हणतात, म्हणजे चीनच्या मिंग राजवटीचा. उभ्या रेघा जाड, आडव्या केसासारख्या, आणि आडव्या रेघेच्या उजव्या टोकाला एक इवला त्रिकोण. त्याला छापखान्यात ‘उरोको’, म्हणजे माशाचा खवला, म्हणतात. ब्रश टेकवून उचलताना जो दाब पडतो त्याची ती खूण. हे वळण लाकडी ठशांच्या कोरक्यांनी घडवलं. चिनी चिन्हांत आडव्या रेघा फार. त्या बारीक ठेवल्या तरच दाटीच्या चिन्हात सगळ्या मावतात, आणि सरळ ठेवल्या तर कोरणी भरभर चालते. मिशनच्या छापखान्यांनी हेच वळण शिशात आणलं, तेही चिनी बायबलसाठी. जपानला कांजी, म्हणजे चिनी चिन्हं, तयार मिळाली, पण चिनी भाषेत काना (जपानीतली उच्चार दाखवणारी अक्षरं) नाही. ती लवचीक, ब्रशने लिहिलेली हिरागाना जपान्यांना नव्याने कोरावी लागली. म्हणून मिंचोत आजही दोन हात दिसतात: कांजी सुतारी फूटपट्टीची, काना माणसाच्या मनगटाची. आणि जपानी पानात काना निम्म्याहून जास्त असते. नव्या मुलांना मी सांगते, टाइप पारखायचा तर कांजीकडे मागाहून बघा. आधी कानाचा एक परिच्छेद लावा आणि डोळा अडखळतो का ते बघा.

सामान्य वाचकाचा विचार जपानी छपाईने फार लवकर केला. १८७४ मध्ये ‘योमिउरी’ हे वर्तमानपत्र निघालं ते शहरातल्या साध्या बायाबापड्यांसाठी. प्रत्येक अवघड कांजीशेजारी त्याचा उच्चार बारीक कानात छापलेला. या बारीक अक्षरांना जपानीत ‘रुबी’ म्हणतात. इंग्रज मुद्रक आपल्या टाइपांच्या मापांना रत्नांची नावं देत, त्यातलं एका बारीक मापाचं हे नाव तोक्योत येऊन रुळलं. रुबीमुळे कांजी न शिकलेला माणूस पेपर वाचू लागला. पण त्याची किंमतही होती. पाच-साडेपाच पॉइंटांचं अक्षर, गिचमिड छपाई, रात्रीचा मिणमिणता दिवा. १९३८ मध्ये यामामोतो युझो या लेखकाने रुबी बंद करा म्हणून आवाज उठवला. ही अक्षरं त्यांना ओळींशेजारी रांगणाऱ्या काळ्या किड्यांसारखी वाटत आणि ती मुलांचे डोळे बिघडवतात असं त्यांचं म्हणणं होतं. युद्धानंतर १९४६ मध्ये रोजच्या वापराची १८५० चिन्हं सरकारने ठरवून दिली आणि रुबी शक्यतो वापरू नये असंही त्यात आलं. आज ती यादी २१३६ वर आहे आणि रुबी मुलांच्या पुस्तकांत, मांगा चित्रकथांत पुन्हा सुखाने नांदते आहे. मला यामामोतोंची तळमळ पटते, पण रुबी गेली असती तर माझ्यासारखीला जपानी वाचताच आलं नसतं.

शिशाचा खिळा सोडून प्रकाशाने अक्षर छापायचं यंत्र जपानमध्ये घडवलं ते दोघांनी, मोरिसावा नोबुओ आणि इशिई मोकिची. होशी नावाच्या औषध कंपनीत दोघांची गाठ पडली; १९२४ मध्ये पेटंटचा अर्ज झाला. काचेच्या पट्टीवर अक्षरं, समोर भिंग, मागे फोटोचा कागद. एका पट्टीतून लहानमोठी सगळी मापं निघत. मापाचं एककही नवं धरलं: पाव मिलिमीटर. पुढे दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या आणि त्यातून जपानी टाइपाची दोन मोठी घराणी निघाली, शाकेन आणि मोरिसावा.

यातले इशिई माझे आवडते. १८८७ चा जन्म, शिक्षणाने यंत्र अभियंता. त्सुकिजीच्या खिळ्यांचे नुसते फोटो घेतले तर पातळ रेघा तुटतात, कोपरे बोथट होतात, हे त्यांच्या लक्षात आलं. मग भिंगातून गेल्यावर कागदावर काय उरेल याचा अंदाज घेऊन त्यांनी अक्षरंच नव्याने काढली. साठी ओलांडल्यावर त्यांच्याकडे मोरोहाशी तेत्सुजींच्या प्रचंड चिनी-जपानी कोशाचं काम आलं. कोशाचा पहिला खंड १९४३ मध्ये निघाला होता. फेब्रुवारी १९४५ च्या तोक्योवरच्या बॉम्बवर्षावात पुढच्या खंडांची जुळवलेली सगळी पानं वितळून गेली. ते खिळे पुन्हा कोरायला कोरके उरले नव्हते. प्रकाशकांनी इशिईंना गळ घातली आणि आठ वर्षांत त्यांनी जवळपास पन्नास हजार चिन्हं काढली. सुट्टी न घेता रोज सतरा पडतात. मी कधी एक चिन्ह ब्रशने धड काढायला बसते आणि अर्धा तास जातो, तेव्हा हा हिशोब आठवतो. तेरा खंडांचा कोश १९६० मध्ये पुरा झाला. इशिई १९६३ मध्ये गेले.

त्याच १९६३ साली नागोया-कोबे द्रुतगती महामार्गाचा पहिला टप्पा खुला झाला, आणि जपानी अक्षरासमोर एक अगदी नवा वाचक आला: ताशी शंभर किलोमीटरने जाणारा. त्या वेगात सेकंदाला अठ्ठावीस मीटर मागे पडतात. पाटी वाचून गाडी डावीकडे घ्यायची की नाही हे तेवढ्यात ठरवायचं. मिंचोच्या केसाएवढ्या आडव्या रेघा लांबून विरून जातात. जाड, सारख्या रेघांचा गोथिक होता, पण त्यात दाटीची चिन्हं काळ्या डागासारखी दिसत. महामार्ग मंडळाने स्वतःच अक्षरं काढली. अर्ध्या मीटर उंचीची, ठोकळेबाज, वळणं मोडून सरळ केलेली. गंमत पुढेच आहे. ‘ससाणा’ या अर्थाच्या चिन्हात चोवीस रेघा. लांबून त्या मिसळणारच. म्हणून काही रेघा सरळ गाळून टाकल्या. शाळेत लिहिलं असतं तर मास्तरांनी लाल फुली मारली असती. रस्त्यावर मात्र तेच बरोबर, कारण डोळा चिन्हाचा आकार पकडतो आणि उरलेलं स्वतः भरून घेतो.

या अक्षरांचा पूर्ण संच कधी नव्हताच. ज्या गावाची पाटी निघेल त्या गावाची चिन्हं तेव्हा काढायची. २०१० पासून नव्या पाट्यांवर हिरागिनो गोथिक आला. क्योतोतल्या एका वस्तीचं नाव लावणारा हा टाइप १९९३ चा, शाकेनमधून बाहेर पडलेल्या सुझुकी त्सुतोमु, तोरिनोउमी ओसामु यांच्या चमूने काढलेला. आज अनेकांच्या मॅकवर आणि आयफोनवर तोच असतो. नव्या पाट्या नि:संशय जास्त सुवाच्य आहेत. तरी जुन्या पाट्यांचे फोटो मी जपून ठेवलेत. टाइप डिझायनर नसलेल्या माणसांनी वाचणाऱ्याच्या जागी स्वतःला बसवून काढलेली ती अक्षरं आहेत.

तशीच आणखी एका माणसाची. २००३ च्या सुमाराला तोक्योच्या शिंजुकु स्टेशनात बांधकाम चालू होतं, वाटा रोज बदलत, लोक चुकत. तिथल्या सातो शुएत्सु नावाच्या सुरक्षारक्षकाने चिकटपट्टीचे तुकडे कापून भिंतींवर भलीमोठी अक्षरं चिकटवायला सुरुवात केली: अमुक लाइन इकडे, बाहेर जायचं तिकडे. पट्टीने सरळ रेघ येते. कोपरे त्यांनी सुरीने गोल केले. लोक चुकायचे थांबले. त्या वळणाला पुढे त्यांचंच नाव पडलं, शुएत्सु-ताई.

घरात बसलेल्या म्हाताऱ्यांची पाळी यानंतर आली. मायक्रोवेव्ह, वॉशिंग मशीन, रिमोट यांच्यावरची अक्षरं वयस्कांना लागत नाहीत, हे पॅनासॉनिकसारख्या कंपनीला जाणवलं आणि १९२० पासून टाइप करणाऱ्या इवाताबरोबर त्यांनी नवा टाइप घडवला. २००६ मध्ये तो बाजारात आला. ‘युनिव्हर्सल डिझाइन’ म्हणजे यूडी हे नाव लावलेला जपानमधला हा पहिला टाइप. मोरिसावाचा २००९ मध्ये आला, मग रांगच लागली.

त्यात बदललं काय, ते जवळून बघण्यासारखं आहे. जपानीत ‘हा’ या अक्षराच्या खांद्यावर दोन बारीक काड्या दिल्या की ‘बा’, आणि इवलंसं वर्तुळ दिलं की ‘पा’. ‘बासु’ म्हणजे बस, ‘पासु’ म्हणजे पास. सहा पॉइंटाला छापलं की काड्याही ठिपका आणि वर्तुळही ठिपका. आपला ‘घ’ आणि ‘ध’ जसा औषधाच्या बाटलीवर एक होतो, तसं. यूडी टाइपात काड्या लांब केल्या, वर्तुळ मोठं केलं आणि ते बसावं म्हणून मूळ अक्षराचा खांदा जरा खाली घेतला. इंग्रजी 3, 6 आणि 9 यांची तोंडं उघडली, म्हणजे ते 8 सारखे दिसत नाहीत. दाटीच्या कांजीत रेघांमधली पांढरी जागा वाढवली. प्रत्येक बदल कणाएवढा, पण हजारो चिन्हांत तो एकेक करून बघावा लागतो. एक मात्र मी स्पष्ट सांगते: यूडी हे नाव लावायला कुठली सरकारी परीक्षा नाही. नाव बघून टाइप घेतला आणि ओळी खेटून लावल्या, करड्यावर करडं छापलं, तर म्हाताऱ्या माणसाला काडीचा फायदा नाही.

आणि मुलं? त्यांची अडचण आणखी निराळी. छापील वळण आणि हातचं वळण जपानीत सारखं नसतं. २०१९ मध्ये ‘रेइवा’ या नव्या राजपर्वाचं नाव जाहीर झालं तेव्हा साऱ्या देशाने हे पाहिलं. पहिल्या चिन्हाचा खालचा भाग छापील टाइपात उभ्या सरळ रेघेने संपतो; शाळेत मात्र तिथे तिरपा फटकारा आणि एक थेंब शिकवतात. संस्कृती खात्याने २०१६ मध्येच सांगून ठेवलं होतं की दोन्ही बरोबर. पण सहा वर्षांच्या मुलाला कुठलं गिरवायचं हे कळायला हवं, म्हणून पाठ्यपुस्तकांसाठी वेगळा, लिहिल्यासारखा टाइप वापरतात. त्यात ब्रशचे जाड-बारीक उतार असतात. ज्या मुलांची दृष्टी अधू आहे त्यांना बारीक रेघा दिसत नाहीत; काहींना टोकदार फटकारे डोळ्यांत टोचल्यासारखे वाटतात. जाड गोथिक द्यावा तर दिसतं, पण वळण चुकीचं शिकतात. एका कारणासाठी एक टाइप, दुसऱ्यासाठी दुसरा, आणि मूल मधे अडकलेलं.

टाइपबँक या छोट्या फाउंड्रीतल्या ताकाता युमी अधू दृष्टीच्या मुलांच्या वर्गांत जाऊन बसल्या आणि त्यांना हे दिसलं. त्यांनी हातचं वळण जसंच्या तसं ठेवून रेघांची जाडी जवळपास सारखी केली. सांगायला एक वाक्य लागतं. करायला आठ वर्षं लागली. मधे त्यांची कंपनी मोरिसावाच्या घरात गेली, काम रखडलं, पुन्हा उभं राहिलं. २०१६ मध्ये ‘यूडी डिजिटल क्योकाशो’ आला आणि २०१७ पासून तो विंडोजबरोबर येतो, म्हणजे जपानमधल्या कुठल्याही शिक्षिकेला फुकट. वाचन जमत नाही म्हणून स्वतःला मठ्ठ समजणारा एक मुलगा या टाइपातला कागद हाती आल्यावर वाचू लागला, ही हकिकत ताकातांनी आपल्या पुस्तकात सांगितली आहे. ती वाचून मी माझ्या जुन्या फाइली उघडून बसले होते. कुणी कुणी त्या पुस्तिका हातात धरून डोळे बारीक केले असतील, या विचाराने त्या रात्री झोप लागली नाही.

गेल्या महिन्यात पुन्हा एका चार्जरची पुस्तिका आली, दुसऱ्या कंपनीची. आकार तोच तळहाताएवढा, सूचना तीच. मी तीन टाइपांत तीन पानं खऱ्या मापात छापली आणि घरी नेली. बाबा आता चौऱ्याऐंशीचे आहेत, दोन्ही डोळ्यांची मोतीबिंदूची ऑपरेशनं झालेली. त्यांना जपानीचं अक्षरही येत नाही, आणि मला तेच हवं होतं. वाचता येणारा माणूस अंदाजाने ‘बा’ आणि ‘पा’ ओळखतो. न येणाऱ्याला जे दिसतं तेवढंच दिसतं. प्रत्येक पानावर मी पेन्सिलीने दोन दोन चिन्हांना गोल केले होते.

“बाबा, ही दोन सारखी आहेत की वेगळी?”

त्यांनी पहिला कागद खिडकीशी नेला, मुद्रित तपासताना धरायचे तसा तिरपा धरला. “एकच आहेत.” दुसरा कागद. बराच वेळ. “एकच. नाही, थांब. काय ते कळत नाही.” तिसऱ्याला त्यांनी चष्माही वर केला नाही. बोटाचं नख त्या इवल्या वर्तुळाखाली टेकवलं.

“हे शून्य आहे. आणि ह्या दोन काड्या. हा खिळा कुणी केला गं?”